मारबतीचं गाव कॉमिकात, कादंबरीत आणि गाण्यात: काम वाटून कसं घ्यायचं

प्रश्न थोडक्यात असा. नागपूरच्या एका लेखिकेची अद्भुतकादंबरी लिहून तयार आहे. मारबतीबरोबर (पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी मिरवून जाळतात त्या पुतळ्याबरोबर) गावाबाहेर घालवलेल्या इडापिडा नाग नदीच्या तळाखाली एका गावात जाऊन राहतात, ही तिची मूळ कल्पना. आता एका चित्रकाराला त्यावर कॉमिक करायचं आहे, एका लेखकाला पुढचा भाग जोडीनं लिहायचा आहे आणि एका बँडला चार-पाच गाणी बांधायची आहेत. तिघांबरोबर काम कसं करावं, कुणाला काय द्यावं आणि लिखापढी काय असावी?

पहिला निर्णय हा घ्या की तीच गोष्ट तिघांना द्यायची नाही. कादंबरीतला प्रवास जसाच्या तसा कॉमिकात आणि पुन्हा गाण्यांत सांगितला, तर चित्रकार आणि संगीतकार तुमच्या मजकुराचे कारागीर होतात आणि दोन महिन्यांत कंटाळतात. जग एकच ठेवा, त्यातला प्रसंग प्रत्येकाला वेगळा द्या आणि त्या प्रसंगावरचा शेवटचा शब्द त्याचा असू द्या.

तिन्ही माध्यमांत वावरलेला लेखक म्हणून ब्रिटिश अद्भुतकथाकार मायकेल मूरकॉक यांचं काम पाहण्यासारखं आहे. त्यांचा एल्रिक हा फिकट, आजारी राजा १९६१ साली एका ब्रिटिश नियतकालिकात आला. १९७२ मध्ये मार्व्हलच्या ‘कोनान’ या कॉमिकच्या दोन अंकांत तो पाहुणा म्हणून दिसला. कथानक मूरकॉक आणि चित्रकार जेम्स कॉथॉर्न यांचं, पटकथा मात्र रॉय थॉमस यांची. १९७५ च्या हॉकविंड बँडच्या अल्बममध्ये गाण्यांच्या मधेमधे मूरकॉक यांची संगीतावर म्हटलेली निवेदनं आहेत. १९८० मध्ये ब्लू ऑयस्टर कल्टसाठी त्यांनी ज्या गाण्याच्या लेखनात हात दिला, त्यात राजाची कहाणी येत नाही. राजा आणि त्याची तलवार यांच्यातलं नातं तेवढं येतं. १९९७-९८ मध्ये डीसी या कॉमिक-प्रकाशकानं त्यांची बारा अंकांची मालिका काढली, तिच्यात तीन धागे होते आणि ते वॉल्टर सायमनसन, मार्क रीव्ह आणि जॉन रिजवे अशा तीन वेगळ्या हातांनी काढले होते. धागा बदलला की रेघ बदलते, त्यामुळे आपण कुठल्या जगात आहोत हे वाचकाला मजकूर न वाचताही कळतं. यातली गाण्याची गोष्ट तुम्ही आधी उचला: गाण्यानं अख्ख्या कथेतून एकच नातं घेतलं.

जगाची वही

सहकाऱ्यांना कादंबरीचं हस्तलिखित देण्याआधी दहा-बारा पानांची एक वही द्या. कादंबरी वाचून प्रत्येक जण आपापलं जग डोक्यात उभं करतो आणि तीन वेगळी गावं तयार होतात. वहीत नकाशा, कालगणना, नावांची ठरलेली लेखनं, कोणाला कोणती गोष्ट केव्हा कळते याचा तक्ता आणि अद्भुताचे नियम असावेत. नियम एका वाक्यात बसला पाहिजे. उदाहरणार्थ: ‘पीडा नदीखाली गेली की वरचं माणूस तिचं नाव विसरतं.’ कादंबरीकार यावर तीस पानं लिहू शकतो, चित्रकार संवादाचा फुगा रिकामा काढू शकतो, गीतकार धृवपदातला एक शब्द गाळून तिथं नुसता सूर ठेवू शकतो. ‘पीडेचं स्मृतीशी गुंतागुंतीचं नातं आहे’ असं लिहिलंत तर त्यातून कुणालाच काही करता येणार नाही.

कादंबरीत ज्या गोष्टी लपवता येतात त्या वहीत लपवू नका. नदीखाली उजेड कुठून येतो? कादंबरीत ‘अंधुक प्रकाश होता’ म्हणून पुढं जाता येतं. चित्रकाराला मात्र प्रत्येक चौकटीत सावली कुठल्या बाजूला टाकायची हे ठरवावं लागतं. माणसांची उंची, कपडे, चपला, भांडी हे सगळं ठरवून टाका. तसंच आवाजाचं. ओलाव्यानं चामडं सैल पडतं आणि डफाचा आवाज उतरतो, तेव्हा नदीखालच्या गावात चामड्याची वाद्यं नाहीत असा नियम केलात तर संगीतकाराला वाद्यमेळ आयता मिळतो: खाली टाळ, चिपळ्या, घंटा, वर मिरवणुकीत डफ आणि ढोल. ऐकणाऱ्याला आपण वर आहोत की खाली हे पहिल्या दोन सेकंदांत कळेल.

एक खबरदारी. मारबत ही आजही नागपुरात पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी रस्त्यावर निघणारी जिवंत प्रथा आहे. काळी आणि पिवळी मारबत ज्या वस्त्यांतून निघतात त्यांच्या श्रद्धेचा तो भाग आहे. प्रत्यक्ष मूर्तीचा चेहरा उचलून त्याला खलनायक करू नका. चित्रकाराला स्वतःची मारबत घडवू द्या. बडग्यांना, म्हणजे मारबतीबरोबर निघणाऱ्या पुतळ्यांना, मात्र थेट संदर्भ चालतो, कारण दर वर्षी नव्या विषयावर टीका करायची हा त्यांचा स्वभावच आहे. गोंडी परंपरेतली पात्रं घ्यायची असतील, विशेषतः लिंगो, तर ते पूजनीय आहेत हे लक्षात ठेवून आधी त्या समाजातल्या जाणत्यांना पान दाखवा. हे काम पटकथेच्या टप्प्यावर करायचं, रंग भरून झाल्यावर नाही.

कॉमिक: पानापासून सुरुवात

आकार ठरल्याशिवाय चित्रकारानं पेन्सिल उचलू नये. दिवाळी अंकांमुळे आपल्याकडे क्राउन १/४ आकार छापखान्यांच्या हातात बसलेला आहे. २० × ३० इंची डबल क्राउन कागदातून ७.५ × १० इंचाचे आठ तुकडे, म्हणजे दोन्ही बाजू धरून १६ पृष्ठांचा एक फॉर्मा निघतो. कापून साधारण ७.२५ × ९.५ इंच उरतात. पण चित्र कडेपर्यंत न्यायचं असेल तर चारही बाजूंनी ३ मिलिमीटर ब्लीड (कापात जाणारं जादा चित्र) लागतं आणि ७.२५ इंचाच्या रुंदीत ते जेमतेम बसतं. काही छापखाने अशा वेळी ७ इंचांवर या म्हणतात. हे चोवीस पानं काढून झाल्यावर कळलं तर सगळ्या चौकटी आत ओढाव्या लागतात. म्हणून आधी छापखान्यात जा, कापलेला अंतिम आकार लिहून घ्या आणि मग मूळ चित्र त्याच्या दीडपट मोजमापावर काढायला सांगा. मजकूर आणि चेहरे कापाच्या रेषेपासून ८ ते १० मिलिमीटर आत ठेवा.

पिन मारून बांधायच्या पुस्तकाची पृष्ठं ४ च्या पटीत लागतात, फॉर्म्याच्या हिशेबानं १६ किंवा ३२ सोयीची. ३२ पृष्ठांत २४ पानांची गोष्ट ठेवा. उरलेल्या आठांत शीर्षक, प्रकाशनतपशील, नकाशा, गाण्यांचे शब्द आणि चित्रकाराची रेखाटनं बसतात.

पहिलं पान उजवीकडे येतं, म्हणून सम आकड्याची पानं डावीकडे. धक्का नेहमी सम पानावर, वाचकानं पान उलटल्यावर. विषम पानाची शेवटची चौकट प्रश्न विचारते. पटकथेत ते असं दिसतं:

पान ५ (उजवं), शेवटची चौकट. नदीकाठ, पहाट. बारा वर्षांची पोरगी पाठमोरी, चालता चालता थांबलेली. आवाज: कर्र. पोरगी: ‘कोन हाय?’

पान ६ (डावं), चौकट १, पानाचा वरचा दोन-तृतीयांश भाग. मारबतीच्या जळून उरलेल्या कामट्यांतून एक हात वर आला आहे. माती ओली, कामट्या ओल्या, हात कोरडा ठणठणीत. शब्द नाहीत.

चौकट २. पोरगी पळत नाही. उकिडवी बसते, हाताकडे बघते. शब्द नाहीत.

यात ‘तिला आजी आठवली’ असं कुठंही नाही. कादंबरीकाराच्या पटकथेत सर्वांत जास्त होणारी चूक तीच: चित्रकाराला काढता येणार नाही असं वाक्य. दुसरी चूक म्हणजे एका चौकटीत दोन क्रिया. ‘ती दार उघडते आणि आत जाऊन बसते’ या तीन चौकटी आहेत. पानाला सरासरी चार ते सहा चौकटी धरा. सातवी आली की चेहरे लहान होतात आणि संवाद चेहऱ्यांवर चढतात.

काम थंबनेल (पानाचं छोटं कच्चं रेखाटन), पेन्सिल, शाई, रंग, अक्षरं या क्रमानं चालतं, पण फुग्यांच्या जागा थंबनेलमध्येच ठरवायच्या. आधी बोलणारं पात्र डावीकडे हवं. उजवीकडचं पात्र आधी बोललं की फुग्यांच्या शेपट्या एकमेकींना छेदतात, आणि शाई झाल्यावर पात्रांची जागा बदलता येत नाही. तुमचा बदल सुचवायचा हक्क थंबनेलपर्यंत पूर्ण, पेन्सिलपर्यंत थोडा आणि शाईनंतर शून्य, असं आधीच कबूल करा. पेन्सिल आणि शाई एकाच हाताची असेल तर पूर्ण वेळ काम करूनही पानाला दीड-दोन दिवस लागतात. नोकरी सांभाळून चोवीस पानांना चार महिने धरा.

देवनागरी अक्षरं: इथं बहुतेक मराठी कॉमिकं घसरतात

मराठी शब्द विभक्तीमुळे लांब होतात आणि देवनागरीला ओळीच्या वर आणि खाली दोन्हीकडे मात्रांसाठी जागा लागते. इंग्रजीसाठी काढलेल्या गोल फुग्यात ‘नदीकाठच्यांनासुद्धा’ हा एक शब्द अर्धी रुंदी खातो. फुगा चपटा, गोलसर कोपऱ्यांच्या आयतासारखा ठेवा. एका फुग्यात १२ ते १५ शब्द, एका चौकटीत २५ च्या आत, अख्ख्या पानावर सव्वाशेच्या आत. शब्द मधे तोडून खालच्या ओळीत नेऊ नका, ओळच बदला. दोन ओळींतलं अंतर अक्षराच्या आकाराच्या १३० टक्के तरी ठेवा. त्याहून कमी केलं तर वरच्या ओळीतला ‘ू’ खालच्या ओळीतल्या ‘ौ’वर आदळतो. छापील पुस्तकात ८.५ ते ९ पॉइंट. ७ च्या खाली जोडाक्षरं चिकटतात.

अक्षरांमधलं अंतर वाढवण्याची कळ देवनागरीत वापरू नका. अंतर वाढलं की शिरोरेषा तुटते आणि शब्द सुट्या अक्षरांची रांग वाटतो. विचार दाखवायला तिरपं अक्षरही नको. बहुतेक देवनागरी टंकांना खरा तिरपा अवतार नसतो, सॉफ्टवेअर नुसतं ढकलून वाकवतं. विचारांसाठी फुग्याचा रंग किंवा कड बदला. ओरडण्यासाठी आपल्याकडे मोठी लिपी नाही, पण आकार आहे, जाडी आहे आणि अवग्रह आहे: ‘नाऽऽही!’

मजकूर युनिकोडमध्येच टाइप करा. श्री-लिपी किंवा कृतिदेवच्या जुन्या पद्धतीत केलेला मजकूर दुसऱ्या संगणकावर गेला की त्याची खिचडी होते. अडोबीच्या सॉफ्टवेअरमध्ये परिच्छेदासाठी वर्ल्ड-रेडी किंवा दक्षिण आशियाई कंपोझर निवडा. तो निवडलेला नसेल तर ‘स्थिर’मधला ‘ि’ भलतीकडे जाऊन बसतो आणि जोडाक्षरं हलन्त होऊन सुटी पडतात. भाषा मराठी ठेवली की ज्या टंकात सोय आहे तिथं ‘ल’ आणि ‘श’ मराठी वळणाचे येतात, नाही तर हिंदी वळणाचे. ‘दऱ्या’, ‘सुऱ्या’, ‘कोऱ्या’ यांसाठी नुक्त्याचा ‘ऱ’ टाइप करावा लागतो. साध्या ‘र’नं ‘दर्या’ होतो आणि दऱ्याखोऱ्यांचा समुद्र होतो. मुक्त आणि बालू हे टंक खुल्या परवान्याचे आहेत, विक्रीच्या पुस्तकात वापरता येतात. बालू जाड आणि गोलसर असल्यानं आरोळ्यांना शोभतो, पण पानभर संवादांना तो जड होतो, तिथं मुक्त.

आवाजाचे शब्द चित्रकाराला हातानं काढू द्या आणि ते आपल्या भाषेतले द्या: खण्, धप्प, चर्र, सळसळ, भस्सकन. शिरोरेषा हा इथं मोठा दागिना आहे. ती तडकवता येते, पाण्यासारखी हलवता येते, आगीसारखी वर नेता येते. रोमन लिपीत ही सोयच नाही.

फाइल देताना शाईचं रेखाकाम ६०० डीपीआय, रंग ३००. काळी अक्षरं फक्त काळ्या शाईत, ओव्हरप्रिंट (खालचा रंग न कापता त्याच्यावरच छापणं) लावून. चार रंगांच्या मिश्रणातलं काळं वापरलं तर जरा रजिस्टर, म्हणजे रंगांची एकमेकांवरची बसणी, हललं की प्रत्येक अक्षराला लाल-निळी सावली येते. पावसाळ्यात कागद दमट होऊन फुगतो आणि रजिस्टर हलण्याची शक्यता वाढते. पोळ्यासाठी छापताय म्हणजे हा धोका तुमच्या वाट्याला आहेच. रात्रीचे आणि नदीखालचे प्रसंग मॅपलिथो या साध्या, बिनचकाकीच्या कागदावर मातकट उतरतात. अशा पानांवर एकूण शाई आवरती ठेवा, किंवा आतला कागद ९० ते १०० जीएसएमचा गुळगुळीत आर्ट पेपर घ्या. एका गडद पानाचं प्रूफ त्याच कागदावर काढून बघितल्याशिवाय पुढं जाऊ नका.

जोडीनं कादंबरी

इथं थोडक्यात सांगतो, कारण पद्धत सोपी आहे आणि भांडणं दोनच गोष्टींवरून होतात. साठ हजार शब्दांची कादंबरी धरा: अडीच हजार शब्दांची २४ प्रकरणं. ती एकाआड एक वाटून घेऊ नका, पात्रं वाटून घ्या. वरच्या गावातली पात्रं एकाकडे, नदीखालची दुसऱ्याकडे. मग शैलीतला फरक दोष वाटत नाही, तो त्या दोन जगांतला फरक होतो. दुसऱ्या खर्ड्याला अदलाबदल करा. शेवटचा हात एकाचाच फिरू द्या आणि तो कोणाचा हे पहिल्या प्रकरणाआधी ठरवा. भांडणाचं पहिलं कारण हेच असतं.

दुसरं कारण बोली. निवेदन प्रमाण मराठीत आणि संवाद वऱ्हाडी-नागपुरीत ठेवणार असाल तर पन्नासेक शब्दांची यादी करा: मले, तुले, काऊन, पोट्टा, करून राहिला. प्रत्येकाचं एकच लेखन. एका प्रकरणात ‘मले’ आणि दुसऱ्यात ‘मला’ आलं की वाचकाला पात्र बदलल्यासारखं वाटतं. हीच यादी कॉमिकला आणि गाण्यांना लागू. नदीखालच्या गावाला जुनी बोली आणि वरच्याला आजची हिंदीमिश्रित नागपुरी दिलीत, तर काळाचं अंतर एका वाक्यात दिसेल.

गाणी

चार मिनिटांच्या गाण्यात धृवपद आणि तीन अंतरे धरून पंधरा-सोळा ओळी, म्हणजे शंभरेक शब्द बसतात. त्यात कथानक मावत नाही. १९५५-५६ मध्ये पुणे आकाशवाणीवरून दर आठवड्याला एक याप्रमाणे गीतरामायणाची ५६ गाणी आली. गदिमांना प्रत्येक गाण्यात एक पात्र आणि एक क्षण घेऊन थांबता आलं, कारण पुढची-मागची कथा ऐकणाऱ्याला पाठ होती. तुमचं जग कुणालाच ठाऊक नाही. म्हणून गाणं कादंबरी न वाचलेल्या माणसाला अर्धवट वाटता कामा नये. एक आवाज, एक क्षण, आणि तुमच्या जगातली विशेषनामं जास्तीत जास्त दोन.

‘इडा पिडा घेऊन जा गे मारबत’ ही ललकारी सगळ्या नागपूरला पाठ आहे. तीच तुमची आत जायची वाट आहे. ती जशीच्या तशी धृवपद करू नका, तिला उत्तर द्या. अभंगाच्या ६-६-६-४ अक्षरांच्या साच्यात, दुसऱ्या-तिसऱ्या चरणांचं यमक सांभाळून, असं काही:

घेऊन जा दुःख / वेशीच्या पल्याड / नदीच्या अल्याड / ठेवू नको

हा साचा आठ मात्रांच्या भजनी ठेक्यात किंवा केहरव्यात सहज बसतो आणि बँडच्या ४/४ लाही अडचण होत नाही. मिनिटाला ९० ठोक्यांच्या गतीला चार-चार ठोक्यांच्या आठ बारांचं धृवपद साधारण २१ सेकंदांचं होतं. त्याहून लांब झालं तर दुसऱ्या खेपेला कंटाळा येतो.

चाल आधी आली असेल तर संगीतकाराकडून डमी शब्दांसह ध्वनिमुद्रण घ्या आणि अक्षरांपेक्षा मात्रा मोजा: कुठं सूर लांबतो तिथं गुरू, कुठं तुटतो तिथं लघू. लांब, उंच सुरावर ‘आ’, ‘ए’, ‘ओ’ द्या. ‘ई’ आणि ‘ऊ’वर गळा आवळतो. द्रुत गतीत ‘क्ष्म’, ‘त्र्य’ यांसारखी जोडाक्षरं जीभ अडकवतात. आणि मराठीतला खास प्रश्न: बोलताना आपण ‘मारबत्’ म्हणतो, शेवटचा अ गिळतो. गाताना सम त्या अक्षरावर आली तर ‘मारबताऽ’ होतं आणि शब्द परका वाटतो. अशा जागी एक तर शब्द पुढं-मागं सरकवा, किंवा संगीतकाराला सूर आधीच्या ‘मा’वर लांबवायला सांगा. हे कागदावर कळत नाही. पहिल्या दिवशी गायकाबरोबर बसा, त्याची पट्टी ठरवा आणि ओळी म्हणवून घ्या.

गाण्यांच्या मधे तुमच्या आवाजात निवेदन हवं असेल तर चाळीस सेकंदांना ६० ते ७० शब्द पुरे. त्यात जगाची माहिती सांगायचा मोह होतो. ती नकाशावर आहे. निवेदनात एक दृश्य द्या.

ध्वनिमुद्रण क्लिकवर, म्हणजे कानात वाजणाऱ्या ठरलेल्या ठोक्यांवर, करा. फाइली डब्ल्यूएव्ही, २४ बिट, ४८ किलोहर्ट्‌झ, आणि प्रत्येक वाद्याचा ट्रॅक शून्य सेकंदापासून सुरू होणारा. गायनाशिवायची आवृत्ती त्याच बैठकीत काढून ठेवा. प्रकाशनसमारंभात वाचनाखाली तीच लागते, आणि नंतर मागितली तर मिक्स पुन्हा उघडावं लागतं.

लिखापढी

पहिल्या पानाआधी, पहिल्या तालमीआधी. १९५७ च्या प्रताधिकार कायद्यात निव्वळ कल्पनेला संरक्षण नाही, तिच्या मांडणीला आहे. सर्वोच्च न्यायालयानं १९७८ च्या आर. जी. आनंद खटल्यात हेच सांगितलं. म्हणजे ‘नदीखालचं इडापिडांचं गाव’ ही कल्पना तुमच्या नावावर राहत नाही, तुम्ही लिहिलेली कादंबरी राहते. वहीसुद्धा लिखित कृती आहे, तिच्यावर तारीख घाला.

गोष्ट मुख्यतः चित्रांतून सांगणारी आवृत्ती हे कायद्याच्या व्याख्येनुसार रूपांतर आहे आणि तो हक्क वेगळा आहे. कादंबरी एखाद्या प्रकाशकाला दिली असेल तर करारात रूपांतराचे हक्क गेले आहेत का ते आधी बघा. गेले असतील तर चित्रकाराला तुम्ही काही देऊच शकत नाही.

हक्क देणं लेखी आणि सहीनिशी लागतं. कलम १९ प्रमाणे मुदत लिहिली नाही तर ती पाच वर्षं धरली जाते, प्रदेश लिहिला नाही तर फक्त भारत. घेणाऱ्यानं एका वर्षात हक्क वापरले नाहीत आणि करारात वेगळं काही म्हटलं नसेल, तर ते परत येतात. चोवीस पानांचं कॉमिक एका वर्षात होईलच असं नाही, म्हणून चित्रकाराच्या भल्यासाठी इथं दोन वर्षं लिहा. संवाद तुमचे, चित्रं त्याची, असं स्पष्ट नोंदवा. मूळ कागद कोणाचे, छापील चित्रं टी-शर्टवर वापरली तर वाटा किती, हेही. जोडीच्या कादंबरीत दोघांचे वाटे वेगळे काढता येत नसतील तर ती संयुक्त कृती ठरते. तिचं संरक्षण नंतर जाणाऱ्या लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं टिकतं आणि दोघांपैकी एकट्यानं तिचे हक्क विकायचा प्रश्न आला की वाद होतो. ‘दोघांच्या सहीशिवाय नाही’ हे एक वाक्य घाला.

गाण्यात शब्दांचा हक्क, चालीचा हक्क आणि ध्वनिमुद्रणाचा हक्क असे तीन वेगळे. २०१२ च्या दुरुस्तीनंतर गीतकार आणि संगीतकाराला रॉयल्टीचा आपला निम्मा वाटा सोडून देता येत नाही. वारस किंवा प्रताधिकार संस्था एवढाच अपवाद. ‘सर्व हक्क कायमचे दिले’ असा छापील फॉर्म कुणी पुढं केला तर हे लक्षात ठेवा. रॉयल्टी जमा होण्यासाठी दोघंही आयपीआरएस या गीतकार-संगीतकारांची रॉयल्टी गोळा करणाऱ्या संस्थेचे सभासद व्हा आणि गाणं वितरणाला जाताना प्रत्येक ध्वनिमुद्रणाचा आयएसआरसी हा ओळख-क्रमांक टिपून ठेवा. साहित्यकृतीच्या नोंदणीचं शुल्क ५०० रुपये आहे. नोंदणी सक्तीची नाही, पण वाद झाला तर पुराव्याला बळ येतं.

पैशाचा हिशेब समोर बसून करा. समजा कॉमिकची किंमत २०० रुपये, विक्रेत्याची सूट ४० टक्के, म्हणजे हातात १२०. छपाईला प्रतीमागं ७० गेले तर उरले ५०. पाचशे प्रती सगळ्या विकल्या तर २५,००० रुपये. चार महिन्यांच्या चित्रकामासमोर ही रक्कम लहान आहे. म्हणून निम्मं-निम्मं न करता पहिल्या आवृत्तीत चित्रकाराला ६०-६५ टक्के आणि दुसऱ्यापासून समान, ही वाटणी मला न्याय्य वाटते. तुमची कादंबरी त्यातून विकली जाणार आहे, त्याची चित्रं मात्र तेवढीच आहेत.

वेळापत्रक

प्रकाशन मारबतीच्या दिवसाभोवती ठेवायचं तर पोळ्यापासून उलटं मोजा. पोळा श्रावण अमावास्येला, म्हणजे साधारण ऑगस्टच्या उत्तरार्धात किंवा सप्टेंबरच्या पूर्वार्धात. छपाई आणि बांधणीला पावसाळा धरून पंधरा दिवस, अक्षरं आणि प्रूफाला तीन आठवडे, चित्रांना चार महिने. पटकथा फेब्रुवारीअखेर पूर्ण हवी. गाण्यांना तीन महिने पुरतात, पण संगीतकाराला थंबनेल एप्रिलमध्येच दाखवा. कोरड्या हाताचं चित्र पाहिल्यावर त्याला जी चाल सुचेल ती शब्दांतून सुचणार नाही. जोडीची कादंबरी या घाईत ओढू नका, तिला पुढच्या वर्षाचा पोळा द्या.

तिघांशीही पहिला करार लहान कामाचा करा: आठ पानांचं कॉमिक, एक गाणं, एक प्रकरण. त्यात जमलं तरच मोठं.

गाण्यांच्या पानावर क्यूआर कोड छापणार असाल तर तो २ सेंटिमीटरपेक्षा लहान नको, गडद चित्रावर नको आणि पानाच्या मधल्या घडीपाशी तर नकोच. प्रूफावरच्या कोडसमोर संध्याकाळच्या उजेडात एखादा जुना, साधा फोन धरून बघा, आणि गाणं लागलं तरच फाइल छपाईला सोडा.